खुर्चीशेजारची खुर्ची

१४ जुलै, सोमवार

स्थानिक शासन, प्रकरण दोन. फळ्यावर त्रिकोण काढला. तळाला ग्रामपंचायत, मध्ये पंचायत समिती, वर जिल्हा परिषद. मागच्या बाकावर दोघं झोपलेले. उठवलं नाही. त्रिकोणाकडे बघून मलाही जांभई आली होती.

बी.ए.चं दुसरं वर्ष. निम्मा वर्ग खेड्यातून एस.टी.नं येतो. ग्रामसभा त्यांच्या घरापासून हाकेवर भरते. आणि मी त्यांना त्रिकोण दाखवते.

या वर्षी वर्गातच गाव वसवायचं. सरपंच, सदस्य, ग्रामसेवक, गावकरी. सभा घ्यायची. पुढे काय होतं ते बघायचं.

१६ जुलै, बुधवार

उपप्राचार्य काळे सरांकडे गेले.

"नाटक बसवताय?"

"नाटक नाही, सर. संवाद कोणी लिहिलेले नाहीत."

"मग तर जास्तच अवघड."

माणूस वाईट नाही. कोणाला इस्त्रीचा शर्ट आवडतो, तसा सरांना पुरा झालेला अभ्यासक्रम आवडतो. पंधरा ऑगस्टपर्यंत परवानगी. मध्ये चाचणी आहे. तीत वर्ग घसरला तर गाव उठवायचं.

१८ जुलै, शुक्रवार

गावाचं नाव ठरवण्यात तास गेला. प्रत्येकाला आपल्याच गावाचं नाव हवं. शेवटी कोणीतरी मागून म्हणालं, बाकवाडी. बाकांवरच बसलोय सगळे. मंजूर.

मी भूमिकांच्या चिठ्ठ्या लिहून नेल्या होत्या. पाचोडकडच्या मारुतीला 'दुकानदार' आली. त्यानं ती परत आणून दिली.

"मॅडम, दुकान नको. मला मेंढ्या द्या."

घरच्या मेंढ्या आहेत त्याच्या. इथेही दिल्या. लगेच विचारलं, गावाला गायरान आहे का. मी विचार केला नव्हता. म्हटलं, आहे. फळ्याच्या उजव्या कोपऱ्यात हिरव्या खडूनं रंगवलं.

सना ग्रामसेवक. शहरातल्या शहागंजची मुलगी, गावात ग्रामसभा कधी पाहिलेली नाही. म्हणून तिलाच केलं.

२१ जुलै, सोमवार

निवडणूक. सरपंचपदासाठी आरक्षणाची सोडत काढली. महिला निघाली. रविवारी घरी बसून मतपत्रिका कापल्या होत्या. त्या पिशवीतच राहिल्या.

वर्गात शिरले तर फुलंब्रीचा गणेश पुढे येऊन उभा. "मॅडम, गावात एकी आहे. बिनविरोध झालंय."

माझ्या आधी, जिन्यात. बाकीच्या मुलींनी माघार घेतलेली. कविता पवार सरपंच. का, तर तिला घरचा अनुभव आहे.

कविताला कोणी विचारलं नव्हतं. ती बाकावर वहीचा कोपरा दुमडत बसली होती.

हसू आलं. मग थांबलं. पुस्तकात बिनविरोध हा शब्द एका ओळीत संपतो. यांनी तो जिन्यात करून दाखवला.

तास संपल्यावर कविता थांबली. कन्नड तालुक्यातली. इथे मुकुंदवाडीत मामाकडे राहते.

"मॅडम, मला सरपंच नका करू. घरीच लई झालंय ते."

तिची आई गावची सरपंच आहे. सही आई करते, बाकीचं पप्पा बघतात. सभेत आईची खुर्ची असते, शेजारी पप्पांची. बोलतात पप्पा. आई आजवर सभेत एक वाक्य बोललेली नाही.

"मी पण तशीच व्हईन मॅडम. मला म्हाइतै."

म्हटलं, दोन सभा कर. नाही जमलं तर सोड.

२४ जुलै, गुरुवार

बाकवाडीची पहिली सभा.

टेबलामागे एक खुर्ची ठेवली होती. कविता बसली. गणेश स्टाफरूममधून दुसरी खुर्ची घेऊन आला, तिच्या शेजारी मांडली, पायावर पाय टाकला. मी दिलेल्या चिठ्ठ्यांत ही भूमिका नव्हती. राहू दिली.

सनानं पेन उचललं. "मॅडम, ये कौन? इनका पद क्या लिखूँ?"

गणेश म्हणाला, "सरपंचपती."

वर्ग उसळला. शिट्ट्या. गणेश कानापर्यंत लाल. "भाऊ. भाऊ लिही. सरपंचाचा भाऊ."

"यादी में भाऊ का पद नाय," सना म्हणाली. तरी लिहिलं.

पुढचा अर्धा तास सभा भावानं चालवली. पाणी, रस्ता, शाळेची भिंत. गणेश छान बोलतो. "सरपंचांचं म्हणणं असं" म्हणतो आणि आपलं म्हणणं सांगतो. कविता एकदाच बोलली. मंजूर.

त्याला कोणी हे शिकवलेलं नाही. कोणाला ते खटकलंही नाही, सना सोडून.

संध्याकाळी शंका. मी शिकवतेय की नक्कल करून घेतेय? आरसा दाखवला तर माणूस भांगच पाडतो.

२७ जुलै, रविवार

आमच्या सोसायटीची सभा. शिरीष चप्पल घालत होता. मी विचारलं, फ्लॅट कोणाच्या नावावर आहे? तो थांबला. चप्पल काढली, पेपर घेऊन बसला.

मी गेले. सगळ्यांनी विचारलं, तुमचे मिस्टर नाही आले? पाण्याच्या टाकीवर दोन वाक्यं बोलले. तीही आधी मनात जुळवून. वर्गात रोज चार तास बोलते.

घरी शिरीषनं पोहे करून ठेवले होते. म्हणाला, "काय ठरलं, सरपंच?"

२८ जुलै, सोमवार

दुसरी सभा. विषय: गायरानाचं क्रिकेटचं मैदान करायचं का. मारुतीच्या बाजूनं बरेच जण होते.

सभा झालीच नाही. गणपूर्ती नाही. गणेशचा गट कँटीनमध्ये बसून राहिला, मुद्दाम. सनानं नियमाप्रमाणे सभा तहकूब केली. उद्या पहिल्या तासाला.

मला वाटलं, आळस. सभा बुडवायलाही डोकं लागतं, हे सुचलं नाही.

२९ जुलै, मंगळवार

आता कळलं. तहकूब सभेला गणपूर्ती लागत नाही. पहिल्या तासाला पाचोडची एस.टी. पोचत नाही, मारुतीच्या बाजूचे बहुतेक तिच्यातच असतात. गणेश आणि त्याचे मोजके मित्र वेळेवर हजर. मैदान मंजूर. मारुती आला तेव्हा फळ्यावरचा हिरवा कोपरा पुसून तिथे खेळपट्टी काढलेली.

पाठ्यपुस्तकात हा नियम तळटिपेत आहे. दरवर्षी परीक्षेत कोणालाच येत नाही. आज सगळ्या वर्गाला येतो.

मारुती गणेशवर चिडला नाही. गणेशनं केलं ते राजकारण, असं त्याचं म्हणणं. तो कवितासमोर जाऊन उभा राहिला.

"तू सरपंच हायस ना? तू व्हतीस ना तिथं?"

"व्हते."

"मंग?"

कवितानं वही मिटली. मारुती म्हणाला, "माझ्या मेंढ्या आता तुझ्या दारात आणून बांधतो."

सगळे हसले. कविता हसली नाही.

३० जुलै, बुधवार

कविता ग्रंथालयात. ग्रामपंचायत अधिनियम मागत होती. ग्रंथपाल मला म्हणाले, हे पुस्तक घ्यायला आजवर कोणी आलं नाही, धूळ झटकावी लागली.

तिनं विचारलं, "मॅडम, सभेत कोणी बोलायचं हे कोण ठरवतं?"

म्हटलं, अध्यक्ष. म्हणजे सरपंच.

"असं लिहिलंय?"

"असंच लिहिलंय."

"मग आईला हे कोणी सांगितलं का नाय?"

३१ जुलै, गुरुवार

तिसरी सभा. आज तिनं प्रयत्न केला.

"गणेश, मला बोलू दे."

"बोला ना सरपंच. मी कुठं नाय म्हणतो?" आणि पुढचं तोच बोलला.

दोनदा. तिसऱ्यांदा तिनं तोंड उघडलं आणि मिटलं. वर्गाला गंमत वाटली. मलाही थोडी. मधे पडावंसं फार वाटलं. एक शब्द बोलले असते तर गणेश उठला असता. पण मग खुर्ची मी मिळवून दिलेली झाली असती.

खिडकीशी उभी राहिले. हात पाठीमागे.

सभा संपल्यावर तिला विचारलं, सोडायचंय का. दोन सभांचं कबूल केलं होतं, तिसरी झाली.

"नाय मॅडम. आता नाय सोडत."

५ ऑगस्ट, मंगळवार

चाचणी.

७ ऑगस्ट, गुरुवार

पेपर तपासले. असे पेपर कधी तपासले नव्हते. प्रश्न: ग्रामसभेचे अध्यक्षस्थान कोण भूषवते? मारुतीचं उत्तर: कागदावर सरपंच.

गुण द्यावा की कापावा? पूर्ण दिला.

प्रश्न: गणपूर्ती म्हणजे काय? गणेशनं पान भरलं आहे. शेवटी लिहिलंय, "गणपूर्ती हा लोकशाहीचा दरवाजा आहे. परंतु खिडकी उघडी असते." खिडकी कोणी उघडली ते लिहिलं नाही.

सनानं उत्तराच्या खाली प्रश्न विचारलाय: मॅडम, जो माणूस यादीत नाही त्याचं म्हणणं इतिवृत्तात घ्यायचं का?

काळे सर गठ्ठा घेऊन गेले. तासाभरानं परत आले. म्हणाले, "मागे पडले नाहीत." दारातून वळून, "ते खिडकीचं बरं लिहिलंय हो." गाव वाचलं.

९ ऑगस्ट, शनिवार

राखीपौर्णिमा. सुट्टी, पण वर्गाच्या ग्रुपवर धमाल. मुलींनी गणेशला लिहिलंय, भाऊ म्हणून पद घेतलंस, ओवाळणी काय देतोस? त्यानं विचारलं, काय पाहिजे. कवितानं लिहिलं: खुर्ची.

गणेशनं वाचलं. दोन निळ्या खुणा तेवढ्या.

११ ऑगस्ट, सोमवार

उद्या पालक मेळावा. दरवर्षी वडील येतात, चहा पितात, हजेरीचं विचारतात, जातात. कवितानं घरी कळवलंय की या वेळी आईनंच यायचं.

मेळाव्यानंतर बाकवाडीची सभा लावली. पालकांनी मागे बसून बघावी. काळे सरही येणार.

कवितानं विचारलं, "आईला काही बोलायला लावणार नाय ना?"

"मी नाही. सभा तुझी आहे."

१२ ऑगस्ट, मंगळवार

नीट लिहायचं आहे. हात थांबत नाही.

कविताची आई आल्या. सुमनबाई. वडिलांनी मोटारसायकलवरून फाटकात सोडलं आणि ते जाधववाडीच्या बाजारात अद्रकाचा भाव बघायला गेले. त्या मागच्या बाकावर बसल्या. मांडीवर पिशवी, पिशवीवर दोन्ही हात.

विषय: गायरानाचा फेरविचार. कविता खुर्चीवर. गणेश शेजारी, सवयीनं. काळे सर मधेच म्हणाले, मैदानही हवंच की मुलांना. सनानं मान वर केली. "सर, नाव सांगा पहले. और हात."

सर चपापले. हात वर केला. कवितानं त्यांना थांबायला सांगितलं. रांगेत मारुती आधी होता.

मग मागून एक हात वर गेला. बांगड्या कोपराकडे सरकल्या. सुमनबाईंचा.

कवितानं सनाला पेन घ्यायची खूण केली. मग म्हणाली, "नाव सांगा."

"अगं..."

"लिहून घ्यायचंय. पूर्ण नाव."

"सुमन रामदास पवार." थांबून, "सरपंच."

"इथं सरपंच मी आहे. तुम्ही गावकरी."

वर्ग हसला. सुमनबाईही हसल्या. "बरं बाई. गावकरी."

उभ्या राहिल्या. पिशवी बाकावर ठेवली. म्हणाल्या, "माझं इचारणं इतकंच हाय. सभा चालूय, आपण खुर्चीवर हाव, अन् आपल्या जागी दुसरंच कोणी बोलाया लागलं. तर सरपंचानं करायचं काय?"

हा प्रश्न बाकवाडीचा नाही, हे सगळ्यांना कळलं. गणेश खुर्चीच्या हातावरचा रंग नखानं खरवडत होता.

कविता म्हणाली, "करून दाखवते." आणि गणेशकडे वळली. "तुम्हाला बोलायचंय का?"

गणेशनं तिच्याकडे पाहिलं. मागे पाहिलं. त्या पोराला सगळं चटकन कळतं, त्याची मजा हीच आहे. तो उठला, छाती काढली, पहिल्या सभेतल्या आवाजात सुरू झाला. "गावकऱ्यांनो, सरपंचांचं म्हणणं असं..."

"सरपंचांचं म्हणणं सरपंच सांगतील."

"पण मी काय म्हणतो..."

"तुम्ही गावकऱ्यांत बसा. हात वर करा. नंबर आला की बोला."

आवाज चढवला नाही. हेच मला दोन दिवस आधी कोणी विचारलं असतं तर मी सांगितलं असतं, टेबल आपट. ती फक्त थांबली. गणेश खाली येऊन बाकावर बसला. हात वर.

तिनं आधी मारुतीला घेतलं. मारुतीनं मेंढ्या, चारा, पावसाळ्यात रान कसं लागतं ते सविस्तर सांगितलं. मग काळे सर. मग आणखी एक मुलगी. गणेशचा हात वरच. दुखायला लागला, तसा त्यानं दुसऱ्या हाताचा टेकू दिला. वर्गात खसखस. सुमनबाईंनी तोंडाला पदर लावलेला, खांदे हलत होते.

शेवटी कविता म्हणाली, "हं. बोला."

गणेश उभा राहिला. तोंड उघडलं. "विसरलो."

इतकं हसू या वर्गात मी ऐकलेलं नाही. काळे सरांनी चष्मा काढून डोळे पुसले.

तेवढ्यात दारात कविताचे वडील. हातात हेल्मेट. "झालं का? निघू या."

सुमनबाई म्हणाल्या, "मतदान राह्यलंय. बसा की."

त्यांनी खोलीभर नजर फिरवली. टेबलामागे कविताशेजारची खुर्ची रिकामी होती. ते तिकडे गेले नाहीत. गणेशच्या बाकावर बसले. गणेशनं वाकून त्यांच्या कानात काहीतरी सांगितलं. मग मतदान. अर्धं गायरान मेंढ्यांना, अर्ध्यावर मैदान, पण पावसाळ्यात मैदान बंद. मारुतीला हे पूर्ण मान्य नाही. गणेशलाही नाही. म्हणजे बरोबर असावं.

नंतर गणेशला विचारलं, काकांना काय सांगितलंस?

"म्हटलं, काका, इथं हात वर करावा लागतो."

"मग?"

"काय नाय. हां म्हणले."

१३ ऑगस्ट, बुधवार

काळे सरांनी बोलावलं. पंधरा ऑगस्टची मुदत काढून टाकली. पुढच्या सत्रात नगरपालिका करता येईल का, विचारलं. मग जरा घुटमळत, त्यात आपल्याला एखादं काम मिळेल का. मुख्याधिकारी वगैरे.

म्हटलं, सर, सोडत निघेल त्याप्रमाणे.

जिन्यात येऊन एकटीच हसले.

१४ ऑगस्ट, गुरुवार

कविता दुपारच्या गाडीनं गावी गेली. उद्या झेंड्यानंतर गावची ग्रामसभा. खरी.

जायच्या आधी भेटली. परवा आई-पप्पा गाडीवर घरी गेले, पुढचं आईनं सांगितलं. घरी पप्पा एवढंच म्हणाले, ते पोरगं हुशार आहे. कोणतं पोरगं, ते आईनं विचारलं नाही.

काल रात्रीच्या भाकरी करताना आईनं तिला फोनवर सांगितलं, तू गणेशला म्हणलीस ते परत म्हण. कवितानं म्हणून दाखवलं. आईनं भाकरी थापता थापता दोनदा म्हटलं. तिसऱ्यांदा हसू आलं, पीठ सांडलं.

"बोलतील उद्या?"

"म्हाईत नाय मॅडम. आई म्हणती, तुझ्या वर्गात मला कोणाची भीती नव्हती, म्हणून मी बोलले. गावात मला समद्यांची हाय."

तिला स्टँडपर्यंत सोडून आले.

वर्गात चूक झाली तर खडू पुसता येतो. उद्या नाही. शिक्षणाचं मोल काय, असा पेपर मला कोणी घातला तर आज उत्तर कोरं राहील. तरी घर झाडताना गुणगुणत होते. शिरीष म्हणाला, एवढं काय?

१५ ऑगस्ट, शुक्रवार

झेंडावंदन. मैदानावर ऊन. मारुती पाचोडहून आदल्या रात्रीच येऊन राहिला होता, आज तासही नव्हता. गणेश पांढऱ्याशुभ्र कपड्यांत. दोघं एकाच कागदातली जिलेबी खात होते.

दोघांनीही विचारलं, कविताचं काही कळलं? म्हटलं, नाही.

तिनं सांगितलेलं, त्यांच्या गावची सभा म्हणजे झेंडा, सह्या, जिलेबी, घर. मुलांचं भाषण याहून लांब चालतं.

दहा वाजता घरी आले. फोन ओट्यावर ठेवून भाजी चिरली. शिरीष म्हणाला, तू त्या फोनकडे बघू नकोस, तोही बघत नाहीये तुझ्याकडे. वरण लावलं. जेवलो. भांडी आवरली.

मग तिचा निरोप आला. एकच ओळ.

'मॅडम सभा अजून चालूय'

शिरीषला वाचून दाखवला. तो म्हणाला, इतका वेळ म्हणजे भांडण जुंपलं असेल.

म्हटलं, असेल.

कोण बोलतंय ते तिनं लिहिलेलं नाही. मी विचारलं नाही. फोन खिडकीत ठेवला, तिथे रेंज बरी येते.